व्हिडिओतली बाई

'वहिनी, हा तुमचाच व्हिडिओ आहे का? सगळीकडे फिरून राहिला.'

नणंदेचा, हर्षाचा मेसेज. खाली निळी लिंक. मांडीवर दूध पिणारं बाळ सावरत काजलनं ती दाबली. धूसर चौकोनात कोणी बाई पाठमोरी उभी. चेहरा दिसेना. नंबर टाका, मग दिसेल.

जरीपटक्याच्या बाजारातल्या साड्यांच्या दुकानात ती ऑनलाइन विक्रीच्या लाइव्हसाठी साड्या नेसून दाखवायची. बदलायच्या मागच्या खोलीत. दूध दाटलं की तिथंच कोपऱ्यात बसून पिळून टाकायचं. कडी ती आठवणीनं लावायची. पण आत कोणी मोबाइल लपवून ठेवला असेल तर?

तिनं नंबर टाकला. लगेच ओटीपी आला. बाळाचं तोंड सुटलं, ते रडू लागलं, तिला ऐकूच आलं नाही. ती एकेक आकडा टाकत होती.

"काहून वं, पोरगं कवाचं रडून राहिलं!" सासू, तुळजाबाई, दारात उभ्या. "लक्ष कुठं आहे तुह्यं?"

"काही नाही, आई."

"काही नाही तं घाम कायचा फुटला?"

काजलनं फोन पदराआड ओढला. आणि मग राहवलंच नाही. तो व्हिडिओ, साड्या, ती खोली, दूध, सारं सांगून बसली.

तुळजाबाईंनी बाळ खांद्यावर घेतलं. त्याची पाठ थोपटू लागल्या.

"असशील तं असशील," त्या म्हणाल्या. "कामाच्या जागी लुगडं बदललं, दूध दाटलं तं मोकळी झाली. चोरी केली का तू? लाज त्या काढणाऱ्याले पाहिजे. बंद कर ते. अन् हर्षीले लाव फोन."

उमरेडला, हर्षाच्या सासरी, घंटी वाजतच राहिली. मग हर्षानं उचलला.

"ताई, तो व्हिडिओ..."

"उघडू नका, वहिनी! मी नाही पाठवला. मलेबी असाच आला होता, मैत्रिणीच्या नावानं. ओटीपी टाकला अन् माह्यं अकाउंटच गेलं. व्हिडिओ-बिडिओ काही नाही त्यात. आता माह्या नावानं साऱ्याईले जाऊन राहिला."

काजलनं टाकलेले आकडे पुसले. "पण ताई, टाकला काहून? कोणाले तरी विचारायचं ना."

"इथं कोणाले विचारू, वहिनी?" हर्षाचा आवाज चिरकला. "मले वाटलं, तो माह्याच व्हिडिओ..."

तुळजाबाईंनी हात पुढं करून फोन मागितला. भिंतीला टेकून खाली बसल्या, आणि मध्येच फक्त "हो वं बाई" म्हणत, लेकीचं रडणं ऐकत राहिल्या.