नऊ नंबरचं मशीन

शिलाईच्या त्या कारखान्यात बेचाळीस मशिनं होती, त्यांच्यावर बेचाळीस बायका बसत, आणि त्या सगळ्यांमधून पाना-पेचकस घेऊन फिरणारा पुरुष एकच. मिस्त्री. मशीन अडलं की बाईनं हात वर करायचा. मिस्त्री सावकाश यायचे, कपाळावरचा चष्मा नाकावर घ्यायचे आणि एकच शब्द बोलायचे, "ऊठ." मग बाईनं उठून बाजूला उभं राहायचं, मान खाली घालून, जणू बिघाड तिच्यातच आहे. मिस्त्री उभ्या उभ्या वाकून मशीन उघडायचे, फिरवायचे, बंद करायचे आणि निघून जायचे. कारखाना सुरू झाल्यापासून हे असंच चाललेलं.

पण खरी गंमत वेगळीच होती, आणि ती सगळ्या हॉलला ठाऊक होती. मिस्त्री मशीन उघडण्याआधी चौदा नंबरकडे एक नजर टाकायचे. चौदा नंबरवर काकू बसायच्या. काकूंना सगळ्या जणी काकूच म्हणायच्या, वय पन्नासच्या पुढं, आणि चोवीस वर्षं त्याच खुर्चीवर. त्यांचा कान म्हणजे काय विचारता! एकेचाळीस मशिनं धडधडत असताना बेचाळिसावं कुठं कण्हतंय ते त्यांना बसल्या जागी कळायचं. मिस्त्रींनी बघितलं की काकू मान न वळवता पुटपुटायच्या, "हुक सैल आहे," नाहीतर, "दात झिजलेत खालचे." मिस्त्री तेवढंच करायचे आणि मशीन गुमान चालू लागायचं. मग साहेब मिस्त्रींची पाठ थोपटायचे. काकू आपल्या शिवत बसायच्या, आणि खोटं कशाला बोला, त्यांना त्यात सुखही वाटायचं. आपल्याला कळतं, एवढ्यावर त्या खूश होत्या. चोवीस वर्षं! माणूस किती थोडक्यात खूश राहू शकतो बघा.

मिस्त्रींची निवृत्ती जवळ आली तेव्हा भिंतीवर कागद लागला, मेकॅनिक पाहिजे. काकूंनी तो जाता येता आठ दिवस वाचला. नवव्या दिवशी घरी लेकीला सहज म्हणून सांगितलं, तर त्या कारटीनं पानभर अर्ज लिहून आईच्या पुढ्यात ठेवला आणि पेन हातात दिलं.

नवरा रंगकाम करायचा. हातापायाचे रंग घासत मोरीतूनच ओरडला, "अगं, वेड लागलंय का तुला? त्या हत्यारांच्या खोक्यात वीसेक किलो लोखंड असतं. लोक हसतील."

"हसू देत. मला येतं ते काम."

"येतं म्हणजे? कधी हात तरी लावलास का मशीनच्या आत?"

काकूंनी पेनचं टोपण काढलं. हात खरंच लावला नव्हता, म्हणजे कारखान्यात नव्हता. घरच्या जुन्या मशीनचा मात्र त्यांनी खिळा न् खिळा उघडून परत बसवला होता, नवरा कामावर गेल्यावर, दार लावून, चोरी केल्यासारखं. ते त्यांनी कधी कुणाला सांगितलं नव्हतं. का नाही सांगितलं, हेही त्यांनी स्वतःला कधी विचारलं नव्हतं. त्या संध्याकाळी विचारलं, आणि स्वतःचाच एवढा राग आला त्यांना, की अर्जावर सही करताना कागद फाटता फाटता राहिला.

अर्ज दोनच आले. एक काकूंचा आणि दुसरा मिस्त्रींच्या भाच्याचा. भाचा चांगला तिशीचा, दुसऱ्या कारखान्यात पाच वर्षं काढलेला, अंगावर सोळा खिशांचा डगला. साहेबांनी दोन्ही कागद बघितले, हनुवटी खाजवली आणि म्हणाले, "मुलाखतबिलाखत काही नको. नऊ नंबर दुरुस्त करून दाखवा. ज्याच्या हातून चालेल त्याचं काम."

हॉलमध्ये कुजबुज झाली. नऊ नंबर म्हणजे सगळ्यांच्या डोक्याला ताप. चार महिन्यांपूर्वी त्यावर एक नवी मुलगी आली होती. बुटकी, चपळ, सारखी बडबड. सगळ्या तिला चिमणी म्हणायच्या. ती आल्यापासून त्या मशीनचा टाका सुटायला लागला आणि दिवसाला तीन-तीन सुया मोडायला लागल्या. मिस्त्रींनी ते अकरा वेळा उघडलं होतं. स्वतः चालवून बघितलं की एकदम झकास चालायचं. चिमणी बसली की तट्, सुई मोडली. शेवटी सगळ्यांनी ठरवलं, पोरीचा हातच वाईट. चिमणीची बडबड बंद झाली होती आणि डोळे सदा भरलेले. काकूंनी कान लावून लावून ऐकलं होतं, पण ह्या एका मशीननं त्यांनाही दाद दिली नव्हती. आवाज कुठं चुकतोय ते कळायचं, का चुकतोय ते कळत नव्हतं.

परीक्षेच्या दिवशी जेवणाच्या सुट्टीनंतर कुणी मशीन सुरूच केलं नाही. साहेबांनीही रागावून बघितलं आणि सोडून दिलं. मिस्त्री खांबाला टेकून उभे राहिले. पहिली पाळी भाच्याची.

"ऊठ," भाचा म्हणाला. चिमणी उठली. त्यानं सुई बदलली, सुईशी हुकाची वेळ जुळवली, दोऱ्याचा ताण बघितला, तेल दिलं. हात चांगले होते त्याचे, नाव ठेवायला जागा नव्हती. मग खुर्ची बाजूला सारून, उभ्यानंच पाय पायपट्टीवर ठेवून त्यानं दोन हात लांब शिलाई मारली. सरळ, एकही टाका सुटलेला नाही. "झालं," तो म्हणाला.

साहेबांनी चिमणीला बसायला लावलं. तिनं चार बोटं शिवलं असेल नसेल, तट्.

भाचा चिडला. "साहेब, मशीनमध्ये काही नाही. ही नीट धरतच नाही कापड. माणूस बदला, मशीन चालेल."

चिमणीनं काकूंकडे बघितलं. काकू पुढं झाल्या. मिस्त्रींचा पेचकस हातात घेतला. तो इतका जड असेल असं त्यांना वाटलं नव्हतं. आणि मग, जो शब्द त्यांनी चोवीस वर्षं ऐकला होता तो त्यांनी मिस्त्रींच्याच आवाजात म्हटला, "ऊठ."

पोर उठली आणि मान खाली घालून बाजूला उभी राहिली.

काकू वाकल्या. सुईखालची पट्टी काढली, हुक बघितला, कापड पुढं ढकलणारे दात बघितले, चाक हातानं फिरवलं. भाच्यानं सगळं बरोबर केलं होतं. त्यांनी पुन्हा पहिल्यापासून बघितलं. काहीच नाही. मागं कुणीतरी खाकरलं. कपाळावरून घाम नाकाच्या शेंड्यावर आला. पाच मिनिटं गेली, दहा गेली. साहेबांनी घड्याळ बघितलं आणि मिस्त्रींकडे बघून हसले, फार नाही, थोडंसंच. काकूंना ते हसू पाठीवर जाणवलं. झालं, लोक हसतील म्हणाला होता ना नवरा, घे. कुठून ही अवदसा आठवली, चांगली शिवत बसले होते.

कंबर मोडायला आली म्हणून त्या सरळ झाल्या आणि समोर चिमणी दिसली. हात पोटाशी बांधलेले, नजर जमिनीत. काकूंना एकदम वाटलं, अरे, ही मीच तर आहे. मिस्त्री मशीन उघडायचे तेव्हा मीही अश्शीच उभी राहायचे. आणि आता मी कोण झालेय? मिस्त्री? त्यांच्यासारखी उभी, त्यांच्यासारखी वाकलेली, त्यांच्याच तोंडचा शब्द तोंडात. पण मला आजवर जे जे कळलं ते असं उभं राहून कधी कळलं होतं? मला सगळं बसून कळलं. खुर्चीत बसून, पाय पट्टीवर ठेवून, बोटांखाली कापड धरून. ते सोडून मी ह्या माणसाची नक्कल करत बसलेय, आणि तीही दहा मिनिटं!

त्यांनी पट्टी परत बसवली, नवी सुई लावली आणि पेचकस टेबलावर ठेवला.

"चिमणे," त्या म्हणाल्या, "बस."

चिमणीला कळेना. "मी? बसू? अजून दुरुस्त कुठं झालंय?"

"म्हणूनच बस. शिव."

"काकू, सुई मोडेल."

"मोडू दे. सुया काय, डबाभर आहेत. शिव तू."

भाचा म्हणाला, "हे काय आता? चालू मशीनवर काय दिसणार?" काकूंनी तिकडं बघितलंसुद्धा नाही. चिमणी बसली, शिवू लागली आणि काकू सरळ जमिनीवर बसल्या, मग चक्क आडव्या झाल्या, टेबलाखाली डोकं घालून. हॉलमध्ये हशा पिकला. पिकू दे. काकूंच्या नाकासमोर चिमणीचा पाय होता.

पाय म्हणजे नुसता अंगठा! टेबल उंच म्हणून पोरीनं खुर्चीवर चिंध्यांची घडी घेतली होती, त्यामुळं टाच अधांतरी. पट्टी दाबायला पोर खुर्चीच्या अगदी कडेवर घसरली होती, पडते की काय अशी. पट्टी दाबली की तिचा तोल पुढं जायचा, आणि तोल सावरायला ती दोन्ही हातांनी टेबल धरायची. टेबलावर होतं कापड. कापड ओढलं जायचं, सुई वाकायची, टाका सुटायचा आणि मग तट्. मिस्त्री आणि भाचा लांब पायांचे, उभे राहून शिवणारे. त्यांच्या हातून ती सुई शंभर वर्षांत मोडली नसती.

"सापडलं!" टेबलाखालून काकू ओरडल्या, आणि बाहेर येताना डोकं टेबलाला एवढं जोरात आपटलं की साहेबच "अरे अरे" म्हणाले. काकूंना त्याचं काही नव्हतं. त्या टेबलाच्या पायांना हात लावून बघत होत्या. चारही पायांना बोल्ट होते, टेबल वरखाली करण्यासाठीच दिलेले. त्यांच्यावर रंगाचे थर चढलेले. कारखाना सुरू झाल्या दिवसापासून कुणी ते ढिले केले नव्हते.

रंग खरवडून बोल्ट सोडवायला पान्याला लोंबकळावं लागलं. मिस्त्री न राहवून पुढं आले, तशा काकू म्हणाल्या, "तुम्ही फक्त टेबल उचलून धरा, मिस्त्री. बोल्ट मी बघते." आणि मिस्त्रींनी निमूट टेबल धरलं. भाच्यालाही दुसरी बाजू धरावी लागली. टेबल चार बोटं खाली आलं. पायपट्टी काकूंनी पुढं ओढून बांधली, खुर्चीवरची घडी काढली, खुर्ची जवळ सारली आणि चिमणीला म्हणाल्या, "पाठ टेकवून बस. टाच टेकली?"

"टेकली!" चिमणी म्हणाली, आणि तिनं शिवायला घेतलं. एक बाही, दुसरी बाही, कॉलर. ती थांबेचना. साहेबांनी कापड हातात घेऊन उलटसुलट बघितलं. मग मिस्त्रींना विचारलं, "अकरा वेळा उघडलंत तुम्ही. एवढं साधं दिसलं नाही?"

मिस्त्रींनी चष्मा पुसला. माणूस प्रामाणिक होता, हे सांगितलंच पाहिजे. "मी त्या खुर्चीवर कधी बसलोच नाही, साहेब," ते म्हणाले. "आणि पहिल्यांदा ही टेबलं लावली ती मीच. माझ्या मापानं."

मग सहा नंबरची बाई उठली. दांडगी, तोंडानं फटकळ, साहेबांनाही न भिणारी. तिनं आपल्या खुर्चीवरून चिंध्यांचं गाठोडं उचललं आणि मधल्या वाटेत आणून टाकलं. "सोळा वर्षं ह्याच्यावर बसतेय मी," ती म्हणाली. "मला वाटायचं माझाच बांधा आखूड." एकोणीस नंबरनं पायाखालची वीट आणली. तीस नंबरनं पाठीची उशी. कुणी लाकडाचा ठोकळा, कुणी दोरीनं बांधलेले पुठ्ठे. एकेक बाई उठत होती आणि आणून ठेवत होती. इतकी वर्षं शेजारी शेजारी बसून प्रत्येकीनं ते लपवलं होतं, माझ्याच अंगात खोट आहे म्हणून. मधली वाट भरून गेली. चौदा नंबरला जाऊन काकूंनी आपल्या खुर्चीखाली हात घातला आणि तेलकट, दबून पापड झालेली आपली चिंध्यांची चवड बाहेर काढली. चोवीस वर्षांची. रडायला त्यांना सवड नव्हती, त्या टेबलं मोजत होत्या.

साहेब त्या ढिगाकडे बघत राहिले. मग त्यांनी मिस्त्रींकडे तोंड वळवून विचारलं, "सगळी टेबलं करायची म्हटली तर किती दिवस लागतील?"

मिस्त्री म्हणाले, "मला काय विचारता? मेकॅनिकला विचारा."

साहेब दोन पावलं चालत आले आणि काकूंच्या समोर उभे राहिले. "किती दिवस लागतील, मेकॅनिक?"

सगळा हॉल ऐकत होता. काकूंनी हाताला लागलेलं तेल सावकाश पुसलं.

"घाई चालायची नाही," त्या म्हणाल्या. "एकेकीला बसवून बघावं लागेल."