सातव्या पायरीवर अडकलेली वेळ

मी एक शिडी बोलतेय. जागेपणी मी तुम्हाला दिसणार नाही. तुम्ही गाढ झोपेत ज्या गावात येता आणि उठल्यावर जे साफ विसरता, त्या गावची मी.

माझा जन्म एका सुताराच्या हातून झाला. माणूस गुणी, पण घाईचा. सातव्या पायरीला खिळा आखूड पडला, तर म्हणाला, "चालतंय!" माणसांचा हा शब्द मी पुढं फार ऐकला. मला विकत घेतलं एका रंगाऱ्यानं. तोही पायरी हलली की म्हणायचा, "उद्या ठोकतो." त्याची बायको रोज आठवण करायची आणि तो रोज गोड हसायचा. हसण्यानं खिळा बसत नाही.

आता आमच्या गावची एक तऱ्हा सांगायला हवी. तुमच्याकडं गटार तुंबतं ना, तशी आमच्याकडं वेळ तुंबते. अख्ख्या गावात नाही. एखाद्या खोलीत, एखाद्या वळणावर. तेवढ्या जागेतलं सगळं जिथल्या तिथं थिजतं. कधी सुटेल, नेम नाही. एक पोस्टमन असाच दारात हात पुढं करून नऊ दिवस उभा होता, सुटल्यावर म्हणाला, "सही करा लवकर, घाई आहे." लोक अशा जागेभोवती खडूची रेघ ओढतात. रेघेपलीकडं जे जाईल तेही थिजतं, आणि वेळ सुटली की ज्या वेगानं आत गेलं होतं त्याच वेगानं पुढं निघतं.

त्या दिवशी रंगारी स्वतःच्याच घराचं छत रंगवत होता. सातवी पायरी निसटली. तो पाठीवर खाली येऊ लागला, खाली टणक फरशी, आणि तेवढ्यात खोलीतली वेळ अडकली. तो हवेत, मी तिरकी, मधे रंगाचे थेंब. थिजले तरी मला दिसत होतं, ऐकू येत होतं. आमच्या गावात लाकडाला तेवढी सवलत आहे. मला फार लाज वाटत होती.

बायको धावली. शेजारच्या पावभट्टीवाल्यानं तिला दारातच धरलं आणि तिथं खडूची रेघ ओढली. मग गल्लीतल्यांनी गादी आणून आत सरकवली. ती वीतभर गेली आणि थिजली.

"झालं, वहिनी! आता काळजी नको," भट्टीवाला घाम पुसत म्हणाला.

"काय झालं? हळूच सरकवलीत. वेळ सुटली तरी अजून वीतभरच जाईल. तोवर हे फरशीवर आपटलेले असतील."

"मग ओढून काढू, परत जोरात टाकू."

"आत घातलेला हातही तिथंच राहील, भाऊ."



त्या बाईचं मला आजही नवल वाटतं. पोटभर रडून झाल्यावर ती कामाला लागली. तेवढ्याच उंचीवरून वाळूचं पोतं पाडून पाहिलं. 'अगं' म्हणेपर्यंत खाली! मग तिनं भट्टीवाल्याची पावांची चाकगाडी मागून घेतली, तीत गाद्या रचल्या, समोरच्या रस्त्यावर खोली खडूनं आखली आणि वर्षभर गाडी ढकलायचा सराव केला. लवकर पोचली तर गाडी पुढं निघून जाणार, उशिरा पोचली तर सगळंच संपलं. पोतं शंभरदा फाटलं, तिचे गुडघे फुटले. लोक म्हणाले, वेड लागलं हिला.

खरी संधी एकच होती. आत गेलेली गाडी परत काढता येणार नव्हती.

"वहिनी, मी ढकलतो. माझ्या अंगात जोर आहे," भट्टीवाला म्हणाला.

"नको. चुकलं तर माझ्या हातून चुकू दे. तुमच्यावर राग धरून मला जगायचं नाही."

ती दुसऱ्या दारातून धावत आली आणि रेघेवर गाडी सोडली. गाडी थिजली. नेम लागला की नाही, ते वेळ सुटेपर्यंत कुणालाच कळणार नव्हतं.

पुढं सव्वीस वर्षं ती रेघेशी खुर्ची टाकून बसली. भाजी निवडायची, नवऱ्याला गल्लीतल्या बातम्या सांगायची, मधूनच त्याच्याशी कडाकडा भांडायची. केस पिकले, चष्मा आला. तो मात्र तिशीतलाच.

एका दुपारी ती मटार सोलत असताना वेळ सुटली. मी धाडकन कोसळले, माझे दोन तुकडे झाले. तो धप्पदिशी गाद्यांत पडला आणि गाडी त्याला घेऊन भिंतीला टेकली. तो उठला, शर्ट झटकला आणि समोर बघून म्हणाला, "आजी, आमच्या हिला जरा हाक मारता का? म्हणावं, थोडक्यात वाचलो!"

"तीच आहे मी," ती म्हणाली. "बस जरा. सांगते."

अंधार पडेपर्यंत ती सांगत होती. मग तो तिच्या मांडीवर डोकं ठेवून लहान मुलासारखा रडला.

माझ्या लांब तुकड्यावर फळी ठोकून त्यांनी बाक केलाय. माझ्यापायी तिची उमेदीची वर्षं रेघेपाशी सरली, तरी तिनं मला जाळलं नाही. संध्याकाळी दोघं माझ्यावर बसतात. गल्लीत नवीन आलेला माणूस हमखास विचारतो, "मुलगा वाटतं?" ती हसून सोडून देते. तो मात्र उसळून म्हणतो, "बायको आहे माझी!" मग ती तोंड फिरवून हळूच चष्मा पुसते.

माझं तुमच्याकडं एकच मागणं आहे. झोपेत कधी आमच्या गल्लीत आलात, तर त्या दोघांना मायलेक म्हणू नका.