रतनबाईच्या अर्जाचे आठ रुमाल

घोडेगावच्या रतनबाईनं लेकीच्या लग्नासाठी नऊ वार कापड मागितलं, तेव्हा जर्मनीशी चाललेली लढाई ऐन भरात होती. निकाल लागायची वेळ आली तेव्हा लढाई थकली होती, पण वस्त्रव्यवस्था कचेरीला नुकताच कुठे हुरूप येत होता.

कापडावर सरकारनं नियंत्रण आणलेलं. लग्नाच्या कापडाला परमिट लागे, आणि परमिटासाठी नगरला भिंगारच्या वाटेवर पलटणीनं सोडलेल्या पागेत ही नवी कचेरी थाटली होती. घोडे होते तोवर त्या जागेतून शेताला निदान लीद तरी मिळायची.

रतनबाईचा अर्ज गावच्या दानीएल मास्तरांनी वळणदार अक्षरात लिहून दिला होता. नवरा मुलगा गोदावरीपलीकडचा, निजामाच्या मोगलाईतला. नवरीला हळदीत बुडवलेल्या कोऱ्या पांढऱ्या कापडातच बोहल्यावर उभं करायचं, ही दोन्ही घरांची रीत. कापडापायी दोनदा तिथी हुकली. मग वरबाप येऊन ओट्यावरूनच बोलला, "आखितीला नवरी कोऱ्या कापडात उभी ऱ्हायली तर बरं. न्हाईतर आमाला पोरी लई."

आत नवरी मुलगी भीमानं ते ऐकलं आणि पुढ्यातली भाकरी तशीच ठेवली. पोरीचं ते उपाशी उठणं रतनबाईला सहन होईना. आखिती, म्हणजे अक्षय्य तृतीया, चार दिवसांवर आली, तशी ती कोळशावर चालणाऱ्या मोटारीत बसली, इमामपूरच्या घाटात सगळ्यांबरोबर उतरून ती मोटार ढकलली, आणि नवव्यांदा नगरला पोचली.

कचेरीत शामकांत नावाचा कारकून तिचं काम बघे. माणूस वाईट नव्हता, फक्त कारकून होता.

"निकाल लागला बाई," तो म्हणाला. "अर्ज नामंजूर. कापड शिल्लक नाही."

"समद्या तालुक्याचं कापड गेलं कुटं भाऊसाहेब?"

कापड कुठे गेलं हे शामकांतला चांगलं ठाऊक होतं. कागद आला की पांढऱ्या मांजरपाटाच्या सव्वा वार चौरस रुमालात बांधायचा आणि रुमालावर शिक्का मारायचा, ही दप्तराची जुनी रीत. रुमाल म्हणजे कापडच, आणि कापडाला परमिट हवं. म्हणून रुमालासाठी कचेरी स्वतःकडेच अर्ज करी. त्या अर्जाचं दप्तर होई, त्या दप्तराला रुमाल लागे, त्या रुमालासाठी पुन्हा अर्ज. अर्ज वाढले म्हणून कारकून वाढले. कारकून काय करतात ते बघायला तपासनीस आले, आणि तपासनीस खरंच बघतात का, हे बघायला एक शाखा निघाली. तिनं पहिल्याच दिवशी दोनशे रुमाल मागितले. साहेब दरसाल वर कळवत की काम वाढतं आहे, आणि वरून शाबासकी येई.

"माजं दप्तर मला बघू तरी द्या," रतनबाई म्हणाली.

तसा नियम होता. अर्जदाराला दप्तर बघता येई. शिपायानं गठ्ठे आणून टाकले. एकात मूळ अर्ज, एकात लग्न खरंच आहे का याची चौकशी, एकात त्या चौकशीची तपासणी, एकात भीमा ही मुलगीच असल्याचा पाटलाचा दाखला. उरलेल्या चारांत पहिल्या चारांच्या रुमालांसाठी केलेले अर्ज होते.

रतनबाईला अक्षर ओळखता येत नव्हतं, पण कापड ओळखता येत होतं. तिनं एकेक गाठ सोडली आणि रुमाल हातानं मोजत गेली. आठ रुमाल. दहा वार. तिनं मागितले होते नऊ.

तिच्या डोळ्यांत संताप मावेना. "एक वार जास्तीच घातलं की रं मला न्हाई म्हनायला!"

आणि तिनं कागद एकावर एक नीट रचले, वारा येईल म्हणून त्यावर कोपऱ्यातली घोड्याची जुनी नाल ठेवली, आठही रुमाल घडी करून काखेत मारले आणि दाराकडे निघाली. शिपाई आडवा झाला. "जावक नंबर?"

शामकांतनं कपाटं उघडली, रजिस्टरं उलटीपालटी केली. कापड आत येण्याची एकवीस रजिस्टरं होती. बाहेर जाण्याचं एकही नव्हतं. तीन वर्षांत तसा प्रसंगच आला नव्हता. नंबराशिवाय सोडता येईना, तसं नंबराशिवाय अडवलं असं लिहायलाही रकाना सापडेना. दोघं साहेबांना विचारायला गेले. रतनबाई मोटारीला गेली.

आखितीला भीमा हळदीत भिजवलेल्या, आठ तुकडे जोडून शिवलेल्या कापडात उभी राहिली. शिक्के धुऊन निघाले नव्हते. खांद्यावर 'तातडीचे' आणि पाठीवर 'पुढील चौकशीस्तव' असं ठळक दिसत होतं. वरबापाला वाचता येत नव्हतं. सरकारी शिक्का बघून त्यानं नवरीला हात जोडले. भीमा पोटभर जेवली, आणि रतनबाई मांडवाच्या आडोशाला जाऊन मनसोक्त रडली.

दीड वर्षानं पत्र आलं. दानीएल मास्तरांनी ओट्यावर बसून वाचून दाखवलं. रतनबाई, राहणार घोडेगाव, हिच्या ताब्यात कचेरीचं दप्तर क्रमांक एक ते आठ असून, ते आठ दिवसांत आहे त्या स्थितीत हजर करावं. यासाठी कचेरीत स्वतंत्र वसुली शाखा उघडण्यात आली आहे. कागद कचेरीतच होते, पण कचेरीच्या लेखी रुमाल म्हणजेच दप्तर. पत्रावर खाली शामकांतची सही होती. त्याला बढती मिळाली होती.

बाळंतपणाला माहेरी आलेली भीमा अंगणात दोरीवर दुपटी वाळत घालत होती. लग्नाच्या कापडाचे पुन्हा आठ तुकडे झाले होते. पाळण्यात तिचं पोर 'तातडीचे' गुंडाळून निजलं होतं.

मास्तरांनी टाक बुडवला. "काय कळवू?"

रतनबाईनं दोरीकडे बघितलं, पाळण्याकडे बघितलं.

"लिवा," ती म्हणाली, "दप्तर वलं हाय. रोजच वलं हुतंय. आहे त्या स्थितीत पायजेल असंल, तर सायबानं सोता येऊन न्यावं."

मास्तरांनी शब्दाला शब्द तसाच लिहिला. महिन्याभरात कळलं की पागेत आणखी एक भिंत पाडून कचेरी वाढवली आहे. रतनबाईच्या उत्तराला दोन रुमाल लागले होते, आणि ओल्या दप्तराचा विचार करायला साहेबांनी सात माणसं नेमली होती.

रतनबाईनं दोन बोटं मोजली. मग मास्तरांना म्हणाली, "आनखी एक अर्ज लिवा. पोराला अंगडं पायजे."