पुसलेलं शेत

शटर अर्धं वर गेलं होतं, तोवर मी वाकून आत शिरलेसुद्धा.

"काकू, थांबा! झाडू तरी मारू द्या," दुकानदार म्हणाला.

"मार की. मी काय तुझा झाडू धरून ठेवलाय? तेवढं आमचं मशीन कुठे आहे ते सांग."

तो झाडू हातात धरून माझ्याकडे बघत राहिला. त्याचंही बरोबर होतं. जळगावातलं हे व्हिडिओ गेमचं दुकान. भिंतींवर बंदुका घेतलेल्या माणसांची चित्रं, काचेच्या कपाटात एका बाजूला सील न तोडलेले नवे गेम, दुसऱ्या बाजूला लोकांनी वापरून विकलेले जुने. त्यात सकाळी सकाळी नऊवारीतली बाई, हातात रिकामी पिशवी, आणि आवाज असा. आवाजाचं काय करू? चोपड्याला माझी पिठाची गिरणी आहे. माझे मालक वारल्यापासून मीच चालवते. पट्टा फिरायला लागला की शेजारच्या माणसालाही ओरडूनच सांगावं लागतं, मग तीच सवय लागते.

"कसलं मशीन, काकू?"

"टीव्हीला लावायचं. भूपेंद्र नावाच्या पोरानं आखाजीच्या आधी इथं आणून विकलं. तो माझा मुलगा. पण मशीन त्याचं नव्हतं, माझ्या सुनेचं होतं."

समाधान त्या दुकानदाराचं नाव. पोरगा बरा होता. त्यानं झाडू बाजूला ठेवला, स्टूल पुसलं आणि मला बसवलं. मी बसले आणि लगेच उठले. त्या दिवशी मला कुठेच बसवत नव्हतं. चोपड्याहून पहिल्या गाडीनं निघाले होते, तर गाडीतसुद्धा सारखं वाटत होतं की उतरून पळत सुटावं, लवकर पोचेन. गिरणीवर 'आज बंद' लिहून आले होते. लोकांचे डबे आत तसेच पडले होते, बाया शिव्या देत असतील. देऊ देत.

झालं होतं ते असं. पुनम लग्न होऊन आली तेव्हा तिच्या सामानात हे मशीन होतं. जळगावच्या कॉलेजात असताना तिनं शिकवण्या घेऊन, याच दुकानातून सेकंडहँड घेतलेलं. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा कपाळाला हात लावला. म्हटलं, घ्या, सून खेळणी घेऊन आली! पण एके दिवशी गहू निवडायला तिच्याजवळ बसले, आणि बघते तर टीव्हीत शेत. ती बटणं दाबत होती आणि टीव्हीतली पोरगी झारीनं मुळ्याच्या वाफ्याला पाणी घालत होती.

"अगं, ऊन डोक्यावर आल्यावर पाणी घालतात का? सकाळीच घालायचं," मी म्हटलं.

"आत्या, यात कधीही घातलं तरी चालतं."

"चालतं कसं? मुळा कडू होईल."

ती हसली. तेव्हापासून रोज संध्याकाळी आमची शेती सुरू झाली. मी सांगायची, ती करायची. कोंबड्या घेतल्या, मग दोन गायी. चार संध्याकाळींत खेळातला पावसाळा संपायचा, म्हणून माझी नुसती धांदल. "केळी नाही का गं यात?" "नाही, आत्या." "मग कसली शेती ही?" असं आमचं चालायचं. पोळ्याला मी टीव्हीपुढे पुरणपोळीचा नैवेद्य ठेवला. पुनम म्हणाली, "आत्या, यात बैल नाहीत, गायीच आहेत." मी म्हटलं, गायी तर गायी, त्यांनी काय घोडं मारलंय? त्या वर्षी पोळ्याला आम्ही दोघी इतक्या हसलो की भूपेंद्र बाहेरून विचारायला आला, काय झालं म्हणून.

त्या शेताला तिनं 'झुंबरमळा' नाव दिलं होतं. माझं नाव झुंबरबाई. सातपुड्याच्या पायथ्याला माझं माहेर, वावर सगळं भावांच्या नावावर. इथं आले तर गिरणी मालकांच्या नावावर, आता मुलाच्या. कुठल्याही जमिनीला माझं नाव लागेल असं मला कधी स्वप्नातसुद्धा वाटलं नव्हतं. खोटं का बोलू, मला फार बरं वाटलं होतं.

भूपेंद्र बियाण्यांच्या दुकानात काम करतो. दिवसभर शेतकऱ्यांशी डोकं लावून घरी यायचा, तर आई आणि बायको टीव्हीपुढे गाय दोहण्यात दंग. एकदोनदा चिडला. मग आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आठवडाभर आधी मशीन उचललं, जळगावला येऊन विकलं, आणि वर त्याच पैशांची साडी आणली. पुनमच्या हातात दिली आणि म्हणाला, "माहेरी जाताना नेस. खेळ खेळत बसायचं वय राहिलं का आता?" मी गिरणीत होते. आत आले तेव्हा टीव्हीखाली नुसती वायर लोंबत होती.

पुनमनं साडी कॉटवर ठेवून दिली. आखाजीला तिचा भाऊ धुळ्याहून मुऱ्हाळी म्हणून न्यायला आला, तेव्हा बॅग घेऊन निघाली. साडी कॉटवर तशीच घडी घातलेली. आमच्याकडे आखाजीला लेक माहेरी जाते, झोका खेळते, गाणी म्हणते आणि चार दिवसांनी सासरी परत येते. आखाजी होऊन पंधरवडा गेला, पुनमचा पत्ता नाही. भूपेंद्रचा फोन उचलत नव्हती. माझा उचलायची, "जेवलात का आत्या?" एवढंच विचारायची आणि फोन ठेवायची. मग मीच तिला आणायला जायचं ठरवलं आणि सकाळी निघताना भूपेंद्रला म्हटलं, "मी जास तिले लेवाले." तो म्हणाला, "माय, सासू कधी जास का?" मी म्हटलं, "तू गया तर तोंड उघडशी, आनी आखो इघडी जाई." त्याचं तोंड उघडलं की होतं तेही बिघडतं.

समाधाननं जुन्या मशीनच्या फळीवरून चार मशीनं खाली काढली. सगळी काळी, सगळी सारखी. मी एकेक उचलून जाळी बघितली. तिसऱ्या मशीनच्या जाळीत, कोपऱ्यातल्या फटीत पांढरं काहीतरी होतं. बोटानं काढून चाखलं.

"काकू, काय करताय!"

"ज्वारी," मी म्हटलं. "हेच आमचं."

गिरणी घराच्या दारातच आहे, पीठ कुठे म्हणून जात नाही? समाधान हसायला लागला. म्हणाला, "मी ब्लोअरनं साफ केलं होतं, तरी राहिलंच."

"असू दे. चालू कर. शेत दाखव आमचं."

तो हसायचा थांबला. मशीन टीव्हीला जोडता जोडता म्हणाला, "काकू, गेमची सीडी तर विकली गेली. आणि आतलं पण सगळं पुसलंय. सेकंडहँड माल आला की आम्ही आधी पुसतोच. पुढच्या गिऱ्हाइकाला कोरं द्यावं लागतं ना."

"पुसलं म्हणजे?"

"म्हणजे काहीच नाही त्यात."

"दोन वर्षांचं होतं रे!" माझा आवाज एवढा चढला की रस्त्यावरचा माणूस थांबून बघायला लागला. "गायी होत्या त्यात! गोठा बांधला होता! कुठे ठेवला असशील तर बघ ना, अशी कशी पुसतात गावंच्या गावं?"

"नाही हो काकू. एकदा पुसलं की नाही येत."

मी मग स्टुलावर बसले. खरंच बसले. समाधाननं माठातलं पाणी दिलं. तो मला नवं कोरं मशीन दाखवायला लागला, डब्यात बंद, फोम लावलेलं. "हे घ्या, सुनेला खूश करा. जुनं कशाला?" मी म्हटलं, नको, आमचं आहे तेच दे. फक्त तो शेतीचा गेम नवा दे, सील असलेला, ज्यात कुणी आधी नांगर घातलेला नाही. बिचाऱ्यानं भाव कमी केला, न सांगताच. एवढ्यात भूपेंद्रचा फोन आला. "माय, कोठे शे तू? धुळे गयी का?" मी म्हटलं, जाते आहे रे बाबा, जीव नको खाऊ.

धुळ्याची गाडी पारोळ्यापर्यंत आगीतून चालल्यासारखी चालली. मी पिशवी मांडीवर धरून बसले होते आणि मनातल्या मनात बोलत होते. पुनमला काय म्हणायचं ते जुळवत होते. हे म्हणू, का ते म्हणू? एकही धड जुळेना. भूपेंद्रचा आणखी दोनदा फोन. शेवटी फोन पिशवीत खाली सारला.

धुळ्यात देवपुरात पुनमचं माहेर. दार तिच्या आईनं, लताबाईनं उघडलं. मला एकटीला बघून ती घाबरली.

"विहीणबाई, तुम्ही? बठा ना, बठा! आम्ही धाडतच व्हतूत तिले. पोर थोडी जिद्दी शे..."

"काही जिद्दी नाही," मी म्हटलं. "कुठे आहे?"

पुनम आतून आली. वाळली होती. माझ्याकडे बघितलं, मग पिशवीकडे. मशीन बाहेर काढल्याबरोबर तिनं ते ओळखलं. काही विचारलं नाही, थेट टीव्हीकडे गेली, वायर जोडल्या. टीव्ही लागला. नवा गेम टाकला. पडद्यावर फक्त एकच ओळ होती, नवीन शेत सुरू करायची. जुनं कुठे दिसेना.

"पुसलं ना, आत्या?"

"बठ्ठं पुसाई गयं, बेटा. ते पुसतातच म्हणे. मी भांडले त्याच्याशी."

ती तिथेच, टीव्हीसमोर फरशीवर बसली. पाठमोरी. न वळताच म्हणाली, "तुम्ही मला न्यायला आलात?"

"हो."

"मी नाही येत, आत्या."

लताबाई मध्येच पडली. "काय बोलस तू, पुनम? सासू कधी लेवाले येस का? या माऊलीनं उन्हातान्हात एवढा प्रवास केला..."

"म्हणूनच खरं सांगतेय ना," पुनम वळली. रडत नव्हती. "आत्या, मशीनचं काही नाही. मशीन दुसरं मिळतं. पण त्या अख्ख्या घरात एक वस्तू माझी होती. ती विकताना मला विचारावं, एवढंसुद्धा त्यांना सुचलं नाही. आणि वर साडी दिली. मी खूश व्हायला पाहिजे होतं. आज हे विकलं, उद्या काय विकतील आणि काय आणून देतील, मला काय माहीत?" मग म्हणाली, "इथं एका लॅबमध्ये काम मिळालंय. एक तारखेपासून जायचंय."

मी तिला समजावू शकले असते. मला शब्द कमी नाहीत. 'संसारात असं होतंच', 'त्यानं प्रेमानंच आणली साडी', हे सगळं जिभेवर आलं होतं. मी स्वतः असंच ऐकून घेत आले, आणि ऐकून घेऊन कुणाचं काय भलं झालं? माझा जीव तिच्यात अडकला होता. ती घरात नसेल तर संध्याकाळी मी कुणाशी बोलू? पण ती म्हणत होती ते खोटं नव्हतं.

"राहू द्या तिला, विहीणबाई," मी म्हटलं. "आमच्याकडून कुणी ओढायला येणार नाही."

लताबाई पदर तोंडाला लावून आत गेली. चहा ठेवायच्या निमित्तानं.

पुनम माझ्याकडे बघत होती. "रागावलात?"

"रागावले. पण तुझ्यावर नाही." मी तिच्या शेजारी फरशीवर टेकले. गुडघे कुरकुरले. "चल, सुरू तर कर. गाडीला वेळ आहे. मी जळगावपासून हे डोक्यावर घेऊन हिंडतेय."

खेळानं मळ्याचं नाव मागितलं तेव्हा तिनं माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "तुझं टाक." तिनं टाकलं. मग ते ओसाड माळरान आलं. सगळीकडे दगड, गवत, पडलेली लाकडं. तिनं ते बटणांचं माझ्या हातात दिलं. म्हणाली, आज तुम्ही. मला कुठलं जमतंय! टीव्हीतली पोरगी झाडावर जाऊन आपटली, मग तळ्यात चालत गेली. पुनम माझी बोटं धरून दाखवत होती. शेवटी एकदाचा एक दगड फुटला आणि मी ओरडले. आत कप फुटल्याचा आवाज आला, लताबाई दचकली असणार. पुनम हसायला लागली. मला तेवढंच बघायचं होतं. पण बघितलं आणि जास्तच वाईट वाटलं.

ती मला स्टँडवर सोडायला आली. अमळनेरवरून जाणाऱ्या चोपडा गाडीत खिडकीची जागा मिळाली. ती खाली उभी. पाया पडायचं राहिलं म्हणून परत दारातून वर आली, वाकून नमस्कार केला, आणि उतरली. गाडी हलली तेव्हा म्हणाली, "आत्या, पहिल्यांदा काय पेरू?"

"पेरायचं नंतर बघू," मी म्हटलं. "आधी दगड वेच. संध्याकाळी फोन करत जा, मी सांगते."

वाटेत मी फोन काढलाच नाही. अमळनेरला आत वाजत असल्याचं कळत होतं, नंतर तोही बंद झाला.

चोपड्याला गाडी पोचली तेव्हा स्टँडवर दिवे लागले होते. भूपेंद्र आधीच येऊन थांबला होता. मोटारसायकल धुऊन आणलेली, सीटला नवं कव्हर. बरोबर घराशेजारच्या रिक्षावाल्यालाही उभं केलेलं, सामान असेल म्हणून. दाढी केली होती त्यानं. मी उतरले. त्यानं माझ्या हातातली हलकी झालेली पिशवी घेतली आणि माझ्या पाठीमागे पुनम उतरते का ते बघायला लागला.

"माय, ती ऊनी का?"

"नही ऊनी."

त्याला ऐकू गेलं की नाही कोण जाणे. तो तसाच उभा राहिला. गाडीतून एक म्हातारा उतरला, मग दोन पोरी, मग डोक्यावर गाठोडं घेतलेली एक बाई. प्रत्येकासाठी भूपेंद्र थोडा बाजूला सरायचा, वाट द्यायचा. मग कंडक्टर उतरला. त्यानं दार ओढून घेतलं, गाडीवर थाप मारली, आणि गाडी रिकामी होऊन डेपोत वळली. रिक्षावाल्यानं विचारलं, भाऊ, जाऊ का मी? ती पिशवी दोन्ही हातांनी धरून भूपेंद्र डेपोच्या फाटकाकडे बघत राहिला.