बारावा चिमटा

आत्याची गाडी म्हणजे चाकं लावलेली पेन्सिल. पांढऱ्याफटक सपाट मैदानावरून ती सुसाट गेली आणि वेळ मोजणाऱ्या घड्याळकाकांनी आकडा सांगितला, तेव्हा भिंगरी एवढ्या जोरात किंचाळली की बाबांच्या हातातला पाना गळून पडला. ताशी चारशे एकोणीस किलोमीटर! एवढ्या छोट्या इंजिनाच्या गाड्यांचा जागतिक विक्रम चारशे सोळाचा होता.

पण हे अर्धंच काम. वाऱ्याने फुकटची मदत केली असेल, म्हणून तासाभरात उलट्या दिशेनेही धावावं लागतं आणि दोन्हींची सरासरी धरतात. आठ वर्षं आत्या या एका तासासाठी झुरत होती.

बाबा इंजिनात डोकं खुपसून बसले. भिंगरीकडे गाडीच्या शेपटीतली छत्री. ही कापडी छत्री मागे उघडली तरच गाडी आवरते. नुसत्या ब्रेकला ती कसली जुमानतेय! घडी विस्कटू नये म्हणून भिंगरी कपडे वाळत घालायचे बारा चिमटे लावायची आणि शेवटी काढून घ्यायची; एक जरी आत राहिला तर छत्री उघडायचीच नाही. यंदा पहिल्यांदाच हे काम तिच्या एकटीकडे होतं, आणि शाळेत तिने त्याच्या काय फुशारक्या मारल्या होत्या!

छत्रीवरचं झाकण लागलं, आत्या गाडीत शिरली. सोळा मिनिटं उरली. भिंगरीने चिमटे मोजले. अकरा. परत मोजले. अकराच!

झाकण उघडून शोधायचं तर घडी पुन्हा घालण्यात अर्धा तास जाणार.

"आत्या, उतर! एक चिमटा आत राहिला असेल."

"असेल म्हणजे? नक्की सांग."

"नक्की नाही माहीत. पण तू उतर. मी झाकण उघडतेय."

आत्या लालबुंद होऊन उतरली. अख्खी छत्री पसरली. चिमटा नाहीच.

"बाबा," भिंगरी हळूच म्हणाली, "तुझ्या टोपीला मागे काय आहे?"

बाबांनी चाचपून पाहिलं. "अरेच्चा! वाऱ्याने उडत होती, म्हणून मीच..."

"टोपीऐवजी डोकं उडालं असतं तर बरं झालं असतं!" आत्या कडाडली.

घड्याळकाका खाकरले. "बाई, तास संपला. पहिली धाव बाद."

भिंगरीचे डोळे भरून आले. "सॉरी. उगाचच थांबवलं मी."

"उगाच? आणि चिमटा खरंच आत असता तर?" आत्याने हेल्मेट काढलं. "काका, तुम्ही इथे कधीपर्यंत?"

"ऊन उतरेपर्यंत."

"मग दोन्ही धावा पुन्हा."

"ताई, इंजिन तापलंय गं," बाबा पुटपुटले.

"मग टोपी काढ आणि वारा घाल त्याला!" आत्या भिंगरीकडे वळली. "तू बघत काय बसलीस? घडी घाल. आणि या शहाण्याला जवळ फिरकू देऊ नकोस."