दंडामागची नस

डोणगावच्या लग्नाहून परतताना छायाला पिकअपमध्ये झोप लागली. अशी लागली की मेहकर कधी मागे पडलं आणि सुलतानपूर कधी आलं याचा तिला पत्ताच नव्हता. थोरल्या बहिणीच्या मुलीचं लग्न होतं. हळदीपासून पाठवणीपर्यंत दोन रात्री तिनं पाठ टेकली नव्हती. गाडीत बायका आणि आहेराची भांडी खच्चून भरलेली. छाया कडेला बसली, फाळक्याच्या लोखंडी दांड्यावरून उजवा हात बाहेर टाकला आणि दंडावरच डोकं टेकून गेली ती गेलीच.

दुसरबीडच्या फाट्यावर बायकांनी तिला हलवून उठवलं. ती पदर सावरायला गेली तर पंजा मनगटातून खाली लोंबत राहिला. मुंग्या आल्या असतील म्हणून तिनं चोळला, झटकला. घरी येऊन पाण्याचा पेला उचलायला गेली, तो सुटला आणि ओट्यावर आपटला. बोटं मिटत होती थोडीफार, पण उघडत नव्हती, आणि मनगट तर काही केल्या वर येईना.

सासरे तुळशीराम ओसरीवर बसले होते. त्यांनी तो हात पाहिला आणि त्यांच्या तोंडून एकच शब्द निघाला, "लकवा."

तो शब्द त्यांनी उगाच उच्चारला नव्हता. त्यांचे थोरले भाऊ लकव्यानं सहा वर्षं अंथरुणाला खिळून होते. त्यांचं सगळं तुळशीरामांनी स्वतःच्या हातांनी केलं होतं. भावाला तेव्हा तेल चोळून देणाऱ्याकडे नेलं होतं, दवाखान्यात न्यायला आठ दिवस उशीर झाला होता, ही बोच त्यांच्या मनातून गेली नव्हती. त्यामुळे छायाचा नवरा कुलदीप मोटारसायकल काढू लागला तर त्यांनी त्याला थांबवलं. शेजारच्या कडूबाची गाडी मागून आणली, स्वतः पुढे बसले आणि देऊळगाव राजाला चला म्हणाले. वाटेत छाया डाव्या हातानं उजवा हात मांडीवर धरून बसली होती. तिच्या डोळ्यांसमोर शेडनेटमधली मिरची येत होती. चार दिवसांनी क्रॉसिंगला सुरुवात व्हायची होती.

बियाण्याच्या प्लॉटमध्ये हे काम म्हणजे जीव. मिरचीची कळी उमलायच्या आत चिमट्यानं तिच्यातले पुंकेसर काढून टाकायचे, दुसऱ्या जातीच्या झाडाचे पराग तिथे लावायचे आणि दोऱ्याची खूण बांधायची. जोर जास्त लागला तर कळी मोडते, एखादा केसर राहिला तर बी भेसळीचं होतं. छायाचा हात या कामात असा बसला होता की बियाणं घेणाऱ्या कंपनीचा माणूस नवीन बायकांना तिच्या ओळीत आणून उभं करी आणि नुसतं बघा म्हणे.

दवाखान्यातली हाडांची डॉक्टर वयानं लहान होती. पुष्पांजली तिचं नाव. तिनं आधी छायाच्या हाताकडे पाहिलंच नाही. दात दाखवायला सांगितले, डोळे मिटायला सांगितले, गावाचं नाव विचारलं, चालून दाखवा म्हणाली. मग कोपर वाकवायला लावलं, सरळ करायला लावलं. दोन्ही नीट झालं. मनगट वर करा म्हटल्यावर मात्र पंजा जिथल्या तिथे. अंगठा आणि पहिलं बोट यांच्यामधल्या कातडीवर तिनं कापूस फिरवला. छायाला तो लागलाच नाही.

"गाडीत झोपला होता का ताई? हात कशावर होता?"

छायानं सांगितलं. डॉक्टरीणबाईंनी मान हलवली, बॉलपेन घेतलं आणि तिच्या अंगावरच रेघ ओढायला सुरुवात केली. मानेतून पाच मुळं निघतात, त्या सांगू लागल्या. ती एकमेकांत गुंततात, पुन्हा फुटतात आणि त्यातून खांद्याला, दंडाला, पंजाला वेगवेगळ्या नसा जातात. त्यातली एक दंडाच्या मागून, हाडाला अगदी चिकटून, वळसा घेत खाली येते. मनगट वर उचलायचं, बोटं उघडायची, अंगठा बाजूला न्यायचा, हे सगळं तिच्याकडे. हाड आणि गाडीचा दांडा यांच्यामध्ये ती दोन तास दाबली गेली.

छाया निळ्या रेघेकडे पाहत राहिली. तिला ठिबकची नळी दिसत होती, मेन लाइनमधून फुटून ओळीओळीला गेलेली. तिनं विचारलं, "मॅडम, नळी तुटली का दबली?"

डॉक्टरीणबाई हसल्या. "दबली. अशी दबलेली नस बहुतेक वेळा आपली आपण मोकळी होते. सहा आठवडे लागतील, कधी तीन महिनेही लागतात. तीन आठवड्यांत काहीच फरक नाही दिसला तर नसेची तपासणी करू."

"म्हणजे लकवा नाही?" तुळशीरामांनी विचारलं.

"नाही बाबा. मेंदूला काही झालेलं नाही. पण तुम्ही त्यांना लगेच आणलंत, हे फार बरं केलं."

तुळशीराम उठले. ते बाहेर गेले आणि बराच वेळ आले नाहीत. आले तेव्हा डोळे लाल होते आणि मागून टपरीवाला सगळ्यांसाठी चहा घेऊन येत होता. त्यात डॉक्टरीणबाईंचाही कप होता.

मनगट वर उचलून धरणारी एक पट्टी छायाच्या हाताला बांधून मिळाली. व्यायाम मिळाले. दिवसातून तीनदा दुसऱ्या कोणी तरी तिचं मनगट आणि एकेक बोट उघडून सरळ करायचं, म्हणजे सांधे आखडणार नाहीत. ते काम कुलदीपनं घेतलं. तो तसा कमी बोलणारा माणूस. सकाळी, दुपारी आणि जेवणं झाल्यावर तिचा पंजा हातात घेऊन वीस वेळा बोटं उघडायचा आणि तेवढ्यात प्लॉटचं सगळं सांगायचा. कोणत्या ओळीला पाणी कमी पडून राह्यलं, कुठे पानांवर थ्रिप्सची कीड दिसली. लग्नाला एकोणीस वर्षं झाली होती, पण असा रोज तीनदा हात हातात घेऊन तो कधी बसला नव्हता. छायाला ते आवडू लागलं होतं. हे मात्र तिनं कोणाला सांगितलं नाही.

अडचण केसांची होती. एका हातानं वेणी घालता येईना. पहिले दोन दिवस तिनं तसेच केस गुंडाळून ठेवले. तिसऱ्या दिवशी सासूबाई, रुक्मिणीबाई, कंगवा घेऊन तिच्या मागे येऊन बसल्या. दोघींचं भांडण कधी झालं नव्हतं, पण गोडवाही नव्हता. इतकी वर्षं सून एका टोकाला आणि सासू दुसऱ्या टोकाला, असं घर चाललं होतं.

"आत्याबाई, राहू द्या ना, मी करतो कसंबी," छाया म्हणाली.

"गप बस," रुक्मिणीबाई म्हणाल्या. केस मोकळे करता करता मग हळूच बोलल्या, "इतक्या वर्षात तुह्या डोक्याले मी कधी हात नाही लावला. मले पोरगी नाही न छाया, वेणी घालाची हौस तशीच राह्यली."

छाया मान सरळ धरून बसली. वेणी जुन्या पद्धतीची, घट्ट पडली. त्या दिवसापासून सकाळची ती वेळ दोघींची झाली.

क्रॉसिंग ठरल्या दिवशीच सुरू झालं. दरवर्षी कामाला येणारी कलाबाई आणि आणखी सात बायका ओळींना लागल्या. छाया क्रेट पालथा घालून बसली आणि सांगत राहिली, ही कळी आज नको, उद्या घे, ती उमलून गेली, तोडून टाक. डाव्या हातानं करून पाहिलं तर सहा कळ्या मोडल्या. मग तिनं तो नाद सोडला.

आठवडाभरानं एका सकाळी कलाबाईचा चिमटा मातीत पडला. तो उचलून द्यायला छायानं सवयीनं उजवा हात पुढे केला. पट्टीमुळे मनगट वर होतं आणि चिमटा तिच्या बोटांत नीट बसला. तिनं दाबला. दाबला गेला. सोडायला बोटं उघडत नव्हती, पण चिमटा स्वतःच्या ताणानं आपोआप उघडला आणि बोटांनाही सोबत उघडून गेला. ती परत दाबून पाहू लागली. पंजात मिटायची ताकद होती, उघडायची नव्हती. आणि उघडायचं काम तर चिमटाच करत होता.

तिनं एक कळी घेतली. पुंकेसर एकेक करून निघाले. कळी मोडली नाही.

"कलाबाई," ती म्हणाली, "मले एक ओळ दे."

कलाबाई बघतच राहिली. "अवो, हात बांधेल हाय तुमचा."

"बांधेल हाय म्हणून तं चालून राह्यला."

त्या दिवशी तिची ओळ सगळ्यांच्या मागून, जेवणाच्या वेळेला संपली. एरवी या गतीची तिला लाज वाटली असती. त्या दिवशी ती कुस्करलेली भाकरी डाव्या हातानं चमच्यानं खात होती आणि मधूनच एकटीच हसत होती. संध्याकाळी डॉक्टरीणबाईंना फोन करून विचारलं तर त्या म्हणाल्या, पट्टी काढू नका, हात दुखला की थांबा, बाकी काम अवश्य करा.

तीन आठवड्यांनी दाखवायला गेली तेव्हा कोपराजवळचा एक स्नायू डॉक्टरीणबाईंच्या बोटाला हलका थरथरताना लागला. नस वरून खाली जागी होत येणार, त्या म्हणाल्या. आधी कोपराजवळ, मग मनगट, मग बोटं, सगळ्यात शेवटी अंगठा. तपासणीची गरज पडली नाही.

संक्रांत होऊन चार दिवस झाले असतील. नेटमध्ये ऊन चढलं होतं. पट्टीखाली घाम आला म्हणून छायानं ती सोडली, मनगट पुसलं आणि सहज पंजा वर करून पाहिला. तो उठला. दोन बोटंभरच, आणि लगेच खाली गेला. तिनं पुन्हा केला. पुन्हा उठला. आजूबाजूला कोणाचं लक्ष नव्हतं. ती मिरचीच्या दोन ओळींमध्ये उभी राहून तेच करत राहिली, दंड दमेपर्यंत. मग ठिबकचा व्हॉल्व्ह बघत असलेल्या कुलदीपकडे गेली आणि हात त्याच्यासमोर धरला. पंजा वर झाला तसा त्यानं तो दोन्ही हातांत धरला आणि भरल्या नेटमध्ये, बायकांसमोर, तसाच धरून ठेवला. बायकांनी तोंडं फिरवून हसून घेतलं.

बोटं त्यानंतर पंधरा दिवसांत उघडू लागली. अंगठ्यानं मात्र अर्धा फेब्रुवारी घेतला. तोवर तुळशीराम रोज सकाळी विचारत, "आला का वो अंगठा?" जणू तो गावाला गेलेला कोणी होता. एक दिवस तिनं त्यांच्यासमोर पंजा पूर्ण पसरून दाखवला. त्यांनी चष्मा लावून तो नीट पाहिला आणि कडूबाला सांगायला तसेच उठून गेले.

क्रॉसिंग संपलं त्या दिवशी नेटच्या बाहेर लिंबाखाली गोवऱ्यांचा जाळ पेटला आणि निखाऱ्यांत कणकेचे रोडगे भाजायला टाकले. वांग्याची भाजी रुक्मिणीबाईंनी केली होती, चांगली झणझणीत. छाया बायकांच्या पंगतीत बसली. गरम रोडगा तिनं दोन्ही हातांनी फोडला, त्यात वाटीभर तूप ओतलं, आणि कलाबाई पुढच्या वर्षी कोणती जात लावायची ते विचारत होती तरी आधी पोटभर जेवून घेतलं.