जांभळ्या पाठीची डिस्क

चार वर्षांच्या मयुरीने आईला जेवायला वाढलं, त्याच दुपारी धम्मशीलाने निर्णय घेतला.

"आई, पोळी गरम हाय. फुंकून खाय," असं बजावून पोरीने जी पोळी पुढे सरकवली ती चकचकीत होती आणि तिच्या मधोमध भोक होतं. वर वाळूची भाजी. धम्मशीलाने वाळू झटकून पाहिलं. तिच्याच कॉलेजातल्या कॉम्प्युटर कोर्सची सीडी. ती गेली तर गेली, तिच्यातलं आता कोणाला काही लागत नव्हतं. पण आज ही, उद्या ती.

ती म्हणजे मोटारींच्या शर्यतीची डिस्क. नवऱ्याच्या, प्रसेनजितच्या, कॉलेजच्या दिवसांतला पीएस-टू, टीव्हीला जोडून गेम खेळायचं यंत्र, अजून घरात होता. त्याच्याभोवतीच्या बाकीच्या डिस्का एकेक करून बाद झाल्या होत्या. उरली ही एक. त्याच्या मित्राने, अजहरने, जेद्दाहून आणलेली, डब्यासकट, अस्सल. आता ती कुठे मिळत नव्हती. नाशिकला नोकरीवर जाताना प्रसेनजित म्हणाला होता, "माझ्यामागं दोनच गोष्टी सांभाळ. एक मयुरी, एक ही डिस्क." क्रम त्याने स्वतःच लावून दिला हे बरं केलं.

शिवाय सासरे होते. जानराव एकतीस वर्षं एसटी चालवून घरी बसले होते, पण बसणं त्यांना जमत नव्हतं. संध्याकाळी या गेममध्ये त्यांच्या दोन फेऱ्या झाल्या की माणूस शांत. शर्यतीतल्या मोटारी त्यांच्या शेजारून सूं करत निघून जात. हे डाव्या बाजूने, चाळिसाच्या वेगाने, वळणावर हॉर्नचं बटण शोधत. नेहमी शेवटचा नंबर. "पोचलो ना?" म्हणत. एकदा डिस्क अडकली आणि दोन दिवस फेरी रद्द झाली, तेव्हा त्यांनी कलाबाईंना, म्हणजे सासूबाईंना, पाण्याची घागर घेऊन दारातून आत येताना "येऊ द्या, येऊ द्या, डावं दाबा" असं मार्गदर्शन केलं होतं. कलाबाई ती घागर त्यांच्या डोक्यावरच रिकामी करणार होत्या.

म्हणून धम्मशीला मयुरीचं बोट धरून, डिस्क पदराखाली घेऊन, तिची कॉपी काढायला गफ्फारभाईंच्या दुकानात गेली. गफ्फारभाई अमडापुरात लग्नाचं शूटिंग करत. आता सगळ्यांना पेनड्राइव्ह लागत होता, तरी डिस्क लिहायचं मशीन त्यांनी जपून ठेवलं होतं.

"भाभी, पाच मिनटाचं काम हाय," ते म्हणाले.

"पाच मिनिटांचं नाही. आधी हिची पूर्ण फाईल काढा. मग सगळ्यात कमी स्पीडनं लिहा. मी पाहून आलेय."

गफ्फारभाईंनी मान हलवली आणि सवयीप्रमाणे सगळ्यात जास्त स्पीडने लिहिली. धम्मशीलाने दुकानातच तपासून मागितली. अर्ध्यात वाचली आणि थांबली.

"लगनाची कॅसेट लोकं एकडावच पाहतात, भाभी. कुठं अडकते कोणाले समजत नायी."

"आमच्याकडे रोज पाहतात."

दुसरी डिस्क हळू लिहिली गेली. तेवढ्या वेळात धम्मशीलाने मयुरीला तीनदा लाइटच्या वायरीपासून आणि एकदा एका नवरदेवाच्या फेट्यापासून लांब केलं. मग गफ्फारभाईंनी हौसेने डिस्कवर वरचं चित्रही हुबेहूब छापून दिलं. "नवरा-नवरीचे फोटो छापतो, मोटार छापाले काय होते?" आणखी एक प्रत दुकानात ठेवू का, गिऱ्हाईक मिळेल, असं त्यांनी विचारलं. धम्मशीला म्हणाली, "घरच्यापुरती हवी, विकायला नको," आणि त्यांच्यासमोर बसून कॉम्प्युटरमधली फाईलही काढून टाकायला लावली.

दोन्ही डिस्का वरून सारख्या. उलटवल्या तरच फरक. अस्सल चांदीसारखी, कॉपी जांभळं खाल्लेल्या जिभेसारखी. पीएस-टू विकणाऱ्यानेच त्यात चिप बसवून दिली होती, त्यामुळे लिहिलेली डिस्क तो तक्रार न करता वाचायचा. गफ्फारभाईंनी एका पाकिटावर मोठ्या अक्षरात 'कॉपी' लिहून दिलं. काम फत्ते.

पण धम्मशीला खरं बोलली, तिथे फसली. "बाबा, आजपासून यावर खेळायचं. अस्सल कपाटात."

जानरावांनी एक फेरी मारली आणि रिमोट खाली ठेवला. "गाडी उजवीकडं ओढून राह्यली."

"बाबा, डिस्क तीच आहे. अक्षर न् अक्षर तीच."

"डुप्लिकेट पार्ट मी डेपोत बी बसवू देल्ला नायी. बॅरिंगचा आवाज येते."

"टीव्हीतून?"

"असली लाव, पोरी."

डिस्क बसवायचं काम धम्मशीलाचं होतं. जानरावांच्या हाताला अजून ग्रीस असतं, असं प्रसेनजितचं मत. तिने पाठ वळवली, मध्ये डोकावणाऱ्या मयुरीला कोपराने सरकवलं, डबा उघडला, मिटला, आणि तीच जांभळी डिस्क पुन्हा आत ढकलली.

जानराव टेकून बसले. पहिल्या वळणावरच चेहरा खुलला. "पाह्य. आता कशी लोण्यावानी चालते. असलीची बातच और."

धम्मशीला "हो ना" म्हणाली, स्वयंपाकघरात गेली आणि तोंडात पदर कोंबून हसली. त्या दिवसापासून पंधरा दिवस तसंच चाललं. कॉपी अस्सल डिस्कच्या डब्यात, अस्सल 'कॉपी' लिहिलेल्या पाकिटात, पाकीट कपाटात साड्यांच्या मागे. रोज संध्याकाळी जानराव जांभळ्या डिस्कवर बसून अस्सलचे गुण सांगत. रोज संध्याकाळी धम्मशीलाला कणीक मळायला नेमक्या त्याच वेळी आत जावं लागे.

शनिवारी प्रसेनजित येणार होता. दुपारी धम्मशीलाने साड्यांमागे हात घातला. नुसती भिंत लागली.

सगळ्या साड्या पलंगावर आल्या. पाकीट नव्हतं.

"थे होय?" कलाबाई निवांत तांदूळ निवडत म्हणाल्या. "थे तं तुझे सासरे घेऊन गेले वावरात. राघूइनं ज्वारी ठेवली नायी म्हने. नकलीच हाय, पाखराइले भेव दाखवाच्या कामी येईल."

जेद्दाहून आलेली, नवऱ्याने सोपवलेली डिस्क राघू हाकलायला बांधली. आणि 'कॉपी' असं लिहिलेल्या पाकिटात ती ठेवली कोणी? तिनेच. फोन लावला तर जानरावांचा फोन ओट्यावर, चार्जिंगला.

मयुरीला कडेवर घेऊन ती निघाली. अर्ध्या वाटेवर मयुरी म्हणाली, "आई, पयून काऊन राह्यली?"

"पळत नाही. भरभर चालतेय."

ज्वारी कणसात आली होती. बांधाच्या कडेने दोरी ताणलेली आणि दोरीवर डिस्काच डिस्का, उन्हात डोळे मारत गिरक्या घेणाऱ्या. धम्मशीलाने मयुरीला खाली ठेवलं आणि पहिली उलटी केली. जांभळी, गफ्फारभाईंचं कुठलंसं बिघडलेलं लग्न. दुसरी, तेच. तिसरी चांदीसारखी, पण वर इंग्रजी बोलायला शिका असं लिहिलं होतं. चौथी तिच्या कॉम्प्युटर कोर्सची. सातव्या डिस्कपर्यंत तिच्या साडीला कुसळं चिकटली होती आणि डोळ्यांत पाणी यायच्या बेतात होतं.

"काय शोधून राह्यली व सूनबाई?"

जानराव राखणीच्या माळ्यावर पाय सोडून बसले होते. हातात हुरडा.

"काही नाही. सहज."

"सहज उलट्या करून पाह्यते?"

धम्मशीलाने हातातली डिस्क सोडली. मग तिला वाटलं, प्रसेनजितसमोर सांगण्यापेक्षा राघूंसमोर बरं. "बाबा, त्या पाकिटात अस्सल होती. तुम्ही पंधरा दिवस कॉपीवर खेळताय. मी बदलली."

जानरावांनी हुरडा चावला. सावकाश. मग मांडीखालच्या जेवणाच्या पिशवीतून पाकीट काढलं. बांधलेलं नव्हतं, उघडलेलंही नव्हतं.

"मले मालूम हाय."

"कधीपासून?"

"डेपोत स्टेपनी नजरेआड झाली का दुसऱ्याची जुनी होऊन वापस येते. म्हनून आपल्या सामानावर खूण करून ठेवाव लागते. या डिस्कले बी मी आतल्या कडेले कानशीनं बारकी खाच मारेल हाय. नख फिरवलं का समजते."

"मग बोलला का नाही?"

"गाडी सरळ चालून राह्यली होती ना. अन् तू रोज सैपाकघरात हासत होती. प्रसेनजित गेल्यापासून घरात तुह्या तोंडून नुसतं 'पडशील, भाजशील, शॉक लागीन' ऐकून कान विटले होते." ते माळ्यावरून उतरले. "पन बदला तं घ्याव लागते. चांगली पयाली तू. मी वरून पाह्यलं."

धम्मशीलाला राग यायला हवा होता. तिने ओंजळ पुढे केली आणि हुरडा मागितला.

संध्याकाळी प्रसेनजित आला, चहा झाला, आणि बापलेक टीव्हीपुढे बसले. धम्मशीलाने डब्यातली डिस्क लावली. जांभळी. जानराव छताकडे पाहत होते.

तीन वळणं झाल्यावर प्रसेनजित म्हणाला, "धम्मा, बरं केलं जपून ठेवलीस. नाशिकला एकाकडं कॉपीवर खेळलो, तं मजाच नाही आली. असली ते असली."

"बॅरिंगचा आवाज येत नायी," जानराव गंभीरपणे म्हणाले.

धम्मशीला कणीक मळायला आत गेली. हसून झाल्यावर तिने पाकीट उघडलं, अस्सल डिस्क बाहेर काढली आणि आतल्या कडेवरून नख फिरवलं. एकदा, दोनदा, उजेडात धरून तिसऱ्यांदा. कड गुळगुळीत होती. खाच कुठेच नव्हती.

दारात मयुरी उभी होती. गालात गुळाचा भलामोठा खडा होता, आणि या घरात गुळाचा डबा फक्त जानरावांच्याच हाताला पोचत होता.

"मी नायी सांगितलं आबाले," तिने कोणी विचारायच्या आतच सांगून टाकलं.